चला, पानं वाढलीत

दिगंबर हुपरीकर पंचविशीतच म्हातारा झाला. म्हणजे नाटकात. कोल्हापूरच्या ज्या फिरत्या कंपनीत तो होता, तिथे देखणी पोरं नायक व्हायची आणि दिगंबरच्या केसांना पावडर फासून त्याला नायिकेचा बाप करायचे. बाप नसला तर सावकार, सावकार नसला तर हवालदार, आणि यातलं काहीच नसलं तर तिसऱ्या अंकात तार घेऊन येणारा पोस्टमन. काम चोख करायचा. लोकांना त्याचा चेहरा आठवायचा, नाव कधीच नाही. कारण पेपरातल्या जाहिरातीत नायक-नायिकेपासून विनोदी नटापर्यंत सगळ्यांची नावं येऊन गेली की शेवटी बारीक अक्षरात दोन शब्द असायचे, 'व इतर'. दिगंबर त्या इतरांतला. आपल्याला त्याचं काही वाटत नाही असं तो चारचौघांत सांगायचा, आणि रोज सकाळी पेपर आला की आधी जाहिरातींचं पान उघडून बघायचा.

बाहत्तर साली त्याच्या बायकोला, पद्मजाला, न्यू जर्सीतल्या एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये नोकरी मिळाली. कंपनीचा गाशा गुंडाळायची वेळ आलीच होती. दिगंबर लहानग्या वीणाला कडेवर घेऊन बायकोमागोमाग एडिसनला आला, आणि रंगाच्या डब्यांच्या एका गोदामात कामाला लागला. दुसरा कुणी असता तर तिथेच गप्प बसला असता. पण तोंडाला एकदा रंग लागलेला माणूस गप्प बसतो थोडाच? अधूनमधून गोदामात ताप आल्याचा फोन करायचा आणि गाडी पकडून न्यूयॉर्कला जायचं, तिथे टीव्हीवाल्यांच्या दारात रांगेत उभं राहायचं, हा उद्योग त्याने सुरू केला.

पहिलं काम मिळालं मेक्सिकन माळ्याचं. गवत कापायच्या मशीनची जाहिरात होती. मशीन गोऱ्या मालकाने चालवायचं आणि दिगंबरने कुंपणापाशी हॅट छातीशी धरून तोंड वासून बघायचं. पुढे इराणात अमेरिकन माणसं ओलीस धरली गेली आणि महिन्याभरात दिगंबर इराणी झाला. मग तेलवाला शेख झाला. मग लिबियाचा बॉम्बवाला. जगात कुठे काही पेटलं की याला दाढी वाढवायचा निरोप यायचा. संध्याकाळच्या बातम्या लागल्या की पद्मजा पोळ्या लाटता लाटता विचारायची, "अहो, आता कोण होणार तुम्ही?"

हिंदुस्थानी माणसाचं काम मात्र त्याला मिळायचं नाही. ते अन्सेल्मोला मिळायचं.

अन्सेल्मो खरोखरचा स्पेनचा. माद्रिदच्या थिएटरात त्याचा जन्म गेलेला, तोही असाच बापाची, पाद्र्याची, सराफाची कामं करण्यात. थोडक्यात तिकडचा दिगंबरच. मग तिथला हुकूमशहा मेला, नवी पोरं आली, नव्या तऱ्हेची नाटकं आली, आणि घशातून खर्जात बोलणाऱ्या अन्सेल्मोला कुणी विचारेनासं झालं. म्हणून नेवार्कला बहिणीकडे आला. इथे आल्यावर त्याला सांगितलं की तू स्पॅनिश बोलतोस म्हणजे तू मेक्सिकन. तो भडकला. मग तो मेक्सिकन शोभत नाही असं ठरलं आणि त्याला फकीर केला, साप खेळवणारा केला, महाराजाचा जल्लाद केला. दोघे एकाच बाकावर बसायचे, पद्मजाने दिलेली थालीपिठं खायचे आणि आपापल्या कंपन्यांच्या आठवणी काढायचे. निवड करणारी बाई दारातून डोकं बाहेर काढून बघायची आणि "तू पगडी, तू दाढी" म्हणून आत जायची. बाजारात वांगी निवडताना बायका जास्त वेळ घेतात. अन्सेल्मोच्या डोक्याला ते लोक जे काही गुंडाळायचे ते दिगंबरला बघवायचं नाही. शेवटी एकदा त्यानेच त्याला पगडी बांधायला शिकवली.

या सगळ्या कामांत एक गंमत होती. गंमत म्हणायची, दुसरं काय. कागदावर इंग्रजी वाक्यं गोऱ्या नटांची असायची आणि दिगंबरच्या नावापुढे लिहिलेलं असायचं, 'परक्या भाषेत बोलतो'. कुठली भाषा, काय बोलतो, काही नाही. डायरेक्टर म्हणायचा, बोल तुझ्या भाषेत काहीही. मग दिगंबर इराणी होऊन डोळे वटारायचा आणि मिरज-कोल्हापूर लाइनवरची स्टेशनं म्हणायचा. "जयसिंगपूर! हातकणंगले! रुकडी!" अमेरिकेत लोक घाबरायचे. एडिसनमध्ये शैलेंद्रच्या घरी मराठी मंडळी हसून हसून लोळायची.

हा शैलेंद्र म्हणजे आपल्या मराठी मंडळाचा अध्यक्ष. इंजिनिअर, स्वतःचं घर, आणि घरात व्हीसीआर. दिगंबरचं काही लागलं की तो टेप करून ठेवायचा आणि शनिवारी सगळ्यांना बोलवायचा. दिगूकाका या वेळी काय बोलले, हे ऐकायला पंधरा-वीस माणसं बटाटेवडे खात बसायची. कधी दिगंबर त्यातल्याच कुणाचं नाव घ्यायचा, शेख होऊन तलवार उपसून "शैलेंद्र, लॉन कापलंस का?" विचारायचा. आपण यांना कसं उल्लू बनवतोय, याचा सगळ्यांना कोण आनंद. आपल्याला दाढी चिकटवून बॉम्ब हातात देणारा माणूस उल्लू की ती दाढी चिकटवून घेणारा, हे विचारायचं कुणाला सुचलं नाही. समजतंय कुणाला इथे, हेच प्रत्येकाच्या तोंडी. दिगंबरच्याही.

शहाऐंशी साली त्याला एका गुप्तहेराच्या मालिकेत काम मिळालं. अन्सेल्मोला तेव्हा नेमकं गालगुंड झालं होतं, म्हणून मिळालं. काम एका गुरूचं. हा गुरू तळघरात राहतो, गोऱ्या पोरापोरींना नादी लावतो आणि शेवटी त्यांच्यापुढे विषाची भांडी मांडून मंत्र म्हणतो. भगवी छाटी, कपाळाला हे एवढं गंध, गळ्यात प्लॅस्टिकच्या कवट्या. आरशात बघून दिगंबरला शिसारी आली. त्याच्या चुलत्याने घरात असंच गंध लावून आयुष्यभर पूजा केली होती आणि मुंगीसुद्धा मारली नव्हती. तरी दिगंबर कॅमेऱ्यापुढे गेला. कामच होतं ना ते.

चेहऱ्यावरचा रंग बिघडेल म्हणून सकाळपासून त्याला खायला दिलं नव्हतं. बाकीची मंडळी त्याच्यासमोर सँडविचं हाणत होती. डायरेक्टर एक पोरगेलासा माणूस, उलटी टोपी घातलेला, च्युइंगम चघळत सारखा म्हणत होता, अजून भयानक, अजून काळं काहीतरी. दिगंबरने स्टेशनं म्हणून बघितली, पाढे म्हणून बघितले, टोपीवाल्याला सभ्य भाषेत रेडासुद्धा म्हणून झालं. काही पसंत पडेना. दिवस कलला. पोटात कावळे ओरडत होते, पुढ्यात ओळीने भांडी मांडलेली होती, आणि दिगंबरच्या तोंडून आपोआप बाहेर पडलं ते रोज संध्याकाळी त्याच्या घरात ऐकू येणारं वाक्य. खर्जात, डोळे पांढरे करून, हात पसरून तो म्हणाला, "चला, पानं वाढलीत. गार होतंय सगळं."

टोपीवाल्याच्या अंगावर काटा आला. त्याने येऊन दिगंबरला मिठीच मारली.

शैलेंद्रच्या घरी तो भाग बघताना तर छप्पर उडायची वेळ आली. पद्मजासुद्धा पदर तोंडाला लावून हसली. "अहो, माझं वाक्य चोरलंत की," म्हणाली. एक वीणा तेवढी हसली नाही. ती कॉलेजच्या पहिल्या वर्षाला होती. "इट्स नॉट फनी, बाबा," म्हणाली आणि वरच्या खोलीत गेली. या पोरांना विनोद कळत नाही, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं.

त्यानंतर ते वाक्य सुटलंच. शाळेतली पोरं ते म्हणायला लागली. रेडिओवर सकाळी बडबड करणारा एकजण ट्रॅफिक जॅम सांगण्याआधी तो तुकडा वाजवायला लागला. मालिकेचा गुरू एका भागात मेला, पण वाक्य काही मेलं नाही. मंडळाने गणपतीत शाळेच्या हॉलमध्ये दिगूकाकांचा सत्कार केला. शाल, श्रीफळ, शैलेंद्रचं लांबलचक भाषण. अमेरिकेच्या घराघरात मराठी पोचवणारा कलावंत, असं तो म्हणाला, आणि मग मंडळाची कच्चीबच्ची स्टेजवर येऊन हात पसरून, डोळे पांढरे करून एका सुरात ते वाक्य म्हणून गेली. आयांनी फोटो काढले. स्वतःच्या घरातली जेवायची हाक आपल्याच लेकरांकडून भुताटकीच्या आवाजात म्हणवून घ्यायची आणि वर टाळ्या पिटायच्या, याला काय म्हणावं? दिगंबर मात्र शाल सावरत खूष होता. इतक्या वर्षांत त्याला कुणी स्टेजवर नावाने बोलावलं नव्हतं.

पुढच्या मे महिन्यात टोपीवाल्याचा फोन आला. गुरूला जिवंत करायचं होतं. एका भागापुरतं नाही, पुढचं अख्खं वर्ष. आणि नाव मालिकेच्या सुरुवातीला पडद्यावर येणाऱ्या पाट्यांत, मुख्य नटांसारखं. दिगंबरने फोन ठेवला आणि स्वयंपाकघरात जाऊन पद्मजाला सांगितलं.

"सुरुवातीला?" पद्मजाने विचारलं. "तुमचं एकट्याचं नाव?"

"एकट्याचं. एका पाटीवर."

तिने रवा भाजायला घेतला. ती त्या जाहिराती विसरली नव्हती. शिरा खाताना दिगंबर म्हणाला की आता 'व इतर' संपलं. उन्हाळा संपता संपता सह्या व्हायच्या होत्या. तोवर तो रोज आरशापुढे बसून चेहऱ्याचे व्यायाम करायला लागला, गोदामातल्या लोकांनासुद्धा सांगून झालं.

त्याच उन्हाळ्यात आसपासच्या गावांतून वाईट बातम्या येत होत्या. कुणाच्या खिडकीवर दगड, कुणाच्या दारावर घाण शब्द, कुंकू लावलेल्या बाईच्या अंगावर थुंकून पळून जाणं. मंडळाच्या बैठकीत शैलेंद्र म्हणाला की आपलं एडिसन तसं नाही, आपण सगळे एज्युकेटेड लोक. जसं काही दगड मारणारा आधी डिग्री विचारतो.

ऑगस्टमधला एक शनिवार. पद्मजा ओक ट्री रोडवरच्या दुकानातून कढीलिंब आणि तूरडाळ घेऊन पायी घरी येत होती. सणाचे दिवस म्हणून साडी नेसली होती. संध्याकाळी ती दारातून आत आली तेव्हा दिगंबर खुर्चीतून उठलाच. केसांतून, कपाळावरून, साडीवरून लालभडक चिकट सरबत ओघळत होतं. बर्फाचा चुरा अजून ब्लाउजच्या बाहीत अडकला होता. कुंकू त्यात विरघळून नाकापर्यंत आलं होतं. हातातली डाळीची पिशवी तिने सोडली नव्हती.

"कुणी केलं?"

"गाडीतली पोरं होती." ती बेसिनपाशी जाऊन तोंड धुवायला लागली. बराच वेळ धूत राहिली. मग पाठमोरीच म्हणाली, "मागून गाडी हळू झाली तेव्हा मी बघणारच नव्हते. वीणाने बजावलंय ना, वळून बघायचं नाही, सरळ चालत राहायचं. पण मराठी ऐकू आलं हो."

दिगंबरने टॉवेल आणून तिच्या खांद्यावर टाकला.

"मागून कुणीतरी म्हणालं, चला, पानं वाढलीत. चांगलं स्वच्छ म्हणालं. मला वाटलं, आपल्यातलंच कुणी आहे. शैलेंद्रची मुलं असतील, काकूची चेष्टा करत असतील. म्हणून मी वळले." तिने नळ बंद केला. "हसून वळले. आणि त्यांनी तोंडावर ग्लास फेकला. मग सगळी मिळून तेच ओरडत गेली, हात पसरून, तुमच्यासारखी."

तिने दिगंबरला बोल लावला नाही. लावला असता तर बरं झालं असतं. ती वर जाऊन अंघोळ करून आली, डाळ शिजायला टाकली, भाताचं बघितलं. दिगंबर बाहेरच्या खोलीत बसून राहिला. जेवायची वेळ झाली. लग्न झाल्यापासून त्यांच्या घरात, कोल्हापूरच्या दोन खोल्यांत काय आणि एडिसनच्या या घरात काय, रोज एकच हाक यायची. त्या संध्याकाळी आली नाही. आतून कढईच्या काठावर झारा आपटल्याचा आवाज आला. एकदा, मग परत एकदा. दिगंबर उठून आत गेला. पानं वाढलेली होती. त्या दिवसापासून तसंच सुरू झालं.

आठवड्याने तो सही करायला न्यूयॉर्कला गेला. हो, गेला. त्याला काम सोडायचं नव्हतं. नुसतं वाक्य बदलून मागायचं होतं.

"गुरू करतो," तो टोपीवाल्याला म्हणाला. "हवा तेवढा भयानक करतो. फक्त दुसरं काहीतरी बोलेन."

टोपीवाल्याला ते कळेचना. "ते वाक्य म्हणजेच तर गुरू आहे," तो म्हणाला. "लोक त्यासाठी तर बघणार."

"त्याचा अर्थ काय आहे, ठाऊक आहे?"

"नको सांगूस. मजा जाईल."

टेबलावर कागद होता. त्यावर त्याचं अख्खं नाव टाइप केलेलं होतं, आणि हुपरीकर हे आडनाव या देशात पहिल्यांदा कुणीतरी बरोबर लिहिलं होतं. दिगंबरने पेन हातात घेतलं, टोपणही काढलं. माणसाला एवढा मोह पडू नये, पण पडला होता. आयुष्यभर ज्यासाठी तोंडाला रंग फासला ते समोर होतं. मग त्याला पद्मजा दिसली, डाळीची पिशवी घेऊन, हसत मागे वळणारी. त्याने टोपण लावलं आणि पेन खाली ठेवलं.

यात मोठेपणा वगैरे काही नव्हता. परतीच्या गाडीत तो स्वतःला शिव्या घालत होता, आणि पुढे कितीतरी दिवस फोन वाजला की धावत होता. ते लोक वाक्य बदलून बोलावतील अशी त्याला आशा होती.

फोन आला तो अन्सेल्मोचा. आवाज चोरट्यासारखा. गुरूचं काम त्याला दिलं होतं. नाहीतरी दाढीत चेहरा कुणाला ओळखू येणार होता?

"आणि वाक्य?" दिगंबरने विचारलं.

"वाक्य तुझंच. तुझा आवाज त्यांच्याकडे टेपवर आहे ना. मी नुसते ओठ हलवायचे." मग म्हणाला, "पगडी मात्र मी तू शिकवलीस तशी बांधून घेतली. मित्रा, पण मला सांग, मी काय बोलतोय? अर्थ माहीत नसताना ओठ हलवणं मला जमत नाही."

अख्ख्या अमेरिकेत हे विचारणारा तो एकटा निघाला. दिगंबरने अर्थ सांगितला. घरात ते कोण कुणाला म्हणतं, कधी म्हणतं, तेही सांगितलं. 

"माझी आई जिन्यात उभी राहून असंच ओरडायची," अन्सेल्मो म्हणाला. "सूप गार होतंय म्हणून." आणि मग हळूच म्हणाला, "पण मला काम पाहिजे, दिगंबर."

"माहितीये," दिगंबर म्हणाला आणि फोन ठेवला. त्याला अन्सेल्मोचा राग यायला हवा होता. पण राग यायला समोर कुणी वेगळा माणूस लागतो, आणि अन्सेल्मोच्या जागी त्याला आपलाच चेहरा दिसत होता. त्याला नुसती किळस आली, दाढीची, पगडीची, हलणाऱ्या ओठांची.

ऑक्टोबरात तो भाग लागला. शैलेंद्रने बोलावलं होतं. आवाज तर आपल्याच दिगूकाकांचा आहे ना, मग झालं तर, असं तो म्हणाला. दिगंबर गेला नाही. पद्मजाला लॅबमध्ये उशीर होणार होता, म्हणून त्याने स्वतः कुकर लावला, बटाट्याची भाजी परतली, लोणच्याची बरणी काढून ठेवली. ती आली, कपडे बदलायला वर गेली. शेजारच्या घरात टीव्ही मोठ्याने चालू होता आणि खिडकी उघडी होती. दिगंबर ताटात भात वाढत असताना तिकडून त्याचाच आवाज आला. चला, पानं वाढलीत. पाठोपाठ शेजारची पोरं तेच ओरडली आणि खिदळली.

दिगंबरने खिडकी लावली. वर पद्मजाच्या खोलीत काही हालचाल नव्हती. तिने ऐकलं होतं.

त्याला वाटलं, आज आपण हाक मारावी. नीट, घरच्यासारखी, ती मारायची तशी. एकदा म्हटलं की ते वाक्य परत घरात येईल. तो जिन्याखाली जाऊन उभा राहिला, घसा साफ केला आणि तोंड उघडलं.

"चला..." आवाज खर्जात गेला. डोळे आपोआप मोठे झाले होते, हे त्याला जाणवलं. त्याने परत प्रयत्न केला, अगदी हळू. तरी तोच आवाज आला, तळघरातला. सावकाराचा, हवालदाराचा, म्हाताऱ्या बापाचा, किती आवाज त्याने आयुष्यात काढले होते. आता या तीन शब्दांसाठी त्याच्याजवळ दुसरा आवाज शिल्लक नव्हता.

तो स्वयंपाकघरात परत गेला, झारा उचलला आणि कढईच्या काठावर आपटला. थोड्या वेळाने पद्मजा खाली आली, पाटावर बसावं तशी मांडी घालून खुर्चीत बसली आणि भातावर वरण ओढून घेतलं.